पडक्या मनोरुग्णालयातले भूत : एका दृश्यप्रकाराची चिकित्सा

१. विषय आणि त्याचे कारण

बंद पडलेले रुग्णालय, रात्रीची वेळ, हातात कॅमेरा घेतलेली पाच-सहा तरुण माणसे आणि वर्षानुवर्षे कुलूपबंद असलेली एक खोली. एवढे साहित्य जमले की चित्रपट तयार होतो, नाहीतर अर्ध्या तासाची चित्रफीत. तुम्ही यांतली एखादी पाहिली असेलच. वर्गात चित्रपटांचा विषय निघाला की पहिल्या पाच नावांत एखादे झपाटलेले इस्पितळ हमखास येते, म्हणून माध्यम-समीक्षेच्या या टिपणासाठी हाच प्रकार निवडला आहे. येथे दोन चित्रपट, एक करमणूक-केंद्र आणि एक प्रदर्शन यांची तुलना करायची आहे. मध्ये थोडे भौतिकशास्त्र आणि थोडा जुना सरकारी कागद येईल. दोन्हींची गरज का आहे, ते ओघात कळेल.

म्हणणे सुरुवातीलाच सांगून टाकतो. हा प्रकार इमारत उत्तम दाखवतो आणि प्रेक्षकाला कुशलतेने घाबरवतो. मात्र ज्यांच्यासाठी ती इमारत बांधली गेली, त्या रुग्णांना तो माणूस म्हणून क्वचितच पाहतो. रुग्ण येथे धोका म्हणून येतो. नोंदी वाचल्या तर धोका बहुतेक वेळा रुग्णालाच होता असे दिसते.

हा प्रश्न केवळ अभिरुचीचा नाही. मराठीत कोणी थोडे विचित्र वागले की "याला ठाण्याला पाठवा", "येरवड्याला भरती करा" असे आपण सहज म्हणतो. जबलपूरकडच्या मराठी घरांत त्यात आग्र्याचीही भर पडते. या तिन्ही गावांत चालू मनोरुग्णालये आहेत आणि रोज तेथे माणसे उपचाराला जातात. निम्हान्सने २०१५-१६ मध्ये केलेल्या राष्ट्रीय मानसिक आरोग्य सर्वेक्षणात मध्य प्रदेशाचाही समावेश होता. देशातील प्रौढांपैकी सुमारे १०.६ टक्के लोकांना त्या वेळी कोणता ना कोणता मानसिक विकार होता आणि विकाराच्या प्रकारानुसार ७० ते ९२ टक्के रुग्णांपर्यंत उपचार पोहोचलेलेच नव्हते, असे त्यातून दिसले. उपचार न मिळण्याची कारणे पुष्कळ आहेत. त्यांतले एक कारण लाज आणि भीती हे आहे, आणि ही भीती ज्या चित्रांतून तयार होते त्यांपैकी एक चित्र आपण येथे तपासणार आहोत.

२. एवढ्या मोठ्या इमारती ओसाड कशा पडल्या?

या चित्रपटांत इमारत रिकामी का आहे, हे सहसा एका वाक्यात उरकले जाते: काहीतरी भयंकर घडले आणि सगळे पळाले किंवा मेले. खरी कारणे अधिक रुक्ष आहेत आणि अधिक बोलकीही.

अमेरिकेतील अनेक जुनी मनोरुग्णालये फिलाडेल्फियाचे डॉक्टर थॉमस किर्कब्राइड यांच्या आराखड्याप्रमाणे उभी राहिली. मध्यभागी प्रशासनाची इमारत आणि दोन्ही बाजूंना पायऱ्यापायऱ्यांनी मागे सरकत जाणारे कक्ष, अशी ती रचना. वरून पाहिले तर वटवाघळाने पंख पसरल्यासारखी दिसते. आज आपल्याला ती भीतिदायक वाटते. मूळ हेतू साधा होता: प्रत्येक कक्षाला दोन्ही बाजूंनी हवा आणि उजेड मिळावा, खिडकीतून झाडे दिसावीत. एका इमारतीत २५० च्या वर रुग्ण ठेवू नयेत असे किर्कब्राइड यांचे मत होते. प्रत्यक्षात काय झाले ते वेस्ट व्हर्जिनियातील वेस्टन येथे पाहा. तेथे २५० जणांसाठी आखलेल्या इमारतीत १९५० च्या दशकात सुमारे २,४०० रुग्ण होते. हवा, पाणी, शौचालये, जिने आणि सेवकांची संख्या यांचे सगळे गणित जवळपास दहापटीने चुकले. पुढे त्या जागी जे हाल झाले, त्यांचे स्पष्टीकरण द्यायला हे गणितच पुरेसे आहे.

१९५४ नंतर क्लोरप्रोमॅझिनसारखी औषधे आली आणि १९६३ मध्ये अध्यक्ष केनेडी यांच्या काळात सामुदायिक उपचारकेंद्रांचा कायदा झाला. १९५५ मध्ये अमेरिकेच्या सरकारी मनोरुग्णालयांत सुमारे ५ लाख ५८ हजार माणसे होती. पुढच्या दशकांत ती बाहेर पडली, पण बाहेर त्यांच्यासाठी पुरेशी सोय झाली नाही. मागे शेकडो एकरांवर इमारती उरल्या. वेस्टनचे रुग्णालय १९९४ मध्ये बंद झाले आणि २००७ मध्ये १५ लाख डॉलरना लिलावात गेले. आज तेथे दिवसा वारसा-सहली निघतात आणि रात्री भुतांच्या.

झपाटलेल्या मनोरुग्णालयाचा चित्रपट या धोरणाच्या मागे उरलेल्या रिकाम्या जागेत जन्मला, हे लक्षात ठेवा. शेवटी आपण भारतात येऊ तेव्हा हा मुद्दा लागेल.

३. 'सेशन नाइन' (२००१)

ब्रॅड अँडरसन यांचा हा चित्रपट मॅसॅच्युसेट्समधील डॅनव्हर्स सरकारी रुग्णालयात, म्हणजे खऱ्या इमारतीत चित्रित झाला. १८७८ मध्ये सुरू झालेले हे रुग्णालय १९९२ मध्ये बंद पडले आणि २००६ मध्ये त्याचा बहुतेक भाग पाडून तेथे घरे बांधली गेली. त्यामुळे हा चित्रपट आता त्या वास्तूचा दस्तऐवजही झाला आहे.

कथा एका ठेकेदाराची आहे. गॉर्डनला इमारतीतील अॅस्बेस्टॉस काढण्याचे काम हवे असते. ते मिळवण्यासाठी तो सगळे काम एका आठवड्यात संपवण्याचे वचन देतो. घरी तान्हे बाळ, डोक्यावर पैशांची विवंचना आणि हाताखाली एकमेकांशी न पटणारी माणसे. त्यांच्यापैकी माइकला एका जुन्या रुग्णाच्या, मेरी हॉब्सच्या, उपचारसत्रांच्या ध्वनिफिती सापडतात. सत्रे नऊ आहेत. तो रोज एकेक ऐकत जातो, आणि दुसरीकडे गॉर्डनच्या घरी नेमके काय घडले आहे ते हळूहळू उलगडते.

तुम्ही अभियांत्रिकीचे विद्यार्थी आहात, म्हणून या चित्रपटाची एक गोष्ट तुम्हांला इतरांपेक्षा जास्त कळेल. यातला धोका खरा आहे. अॅस्बेस्टॉसचे तंतू डोळ्यांना दिसत नाहीत, श्वासातून फुप्फुसात बसतात आणि रोग वीस-तीस वर्षांनी प्रकट होतो. पडक्या इमारतीत शिरणाऱ्याला खरी भीती अशाच गोष्टींची असावी: गंजून फुगलेल्या सळयांमुळे सुटत चाललेला स्लॅब, झाकण नसलेली लिफ्टची विहीर, वटवाघळांच्या विष्ठेतली बुरशी. दिग्दर्शकाने हा अदृश्य, उशिरा उमटणारा धोका आणि माणसाच्या मनात साठत जाणारा ताण एकमेकांशेजारी ठेवले. भूत जवळजवळ दाखवलेच नाही. भर दुपारच्या उन्हातही इमारत अंगावर येते, यात छायाचित्रणाचे कौशल्य आहे.

मर्यादा कोठे आहे? मेरी हॉब्स ही संपूर्ण चित्रपटात फक्त आवाज आहे. तिच्या आत अनेक व्यक्तिमत्त्वे आहेत आणि त्यांपैकी एक हिंसक आहे. एवढ्यासाठीच तिची गरज लागते. गॉर्डन हा कर्जात बुडालेला, न झोपलेला, कोणाशी बोलू न शकणारा माणूस आहे. त्याच्या हिंसेचे कारण त्याच्या आयुष्यात पुरेसे दिसत असताना शेवटी तो आवाज जणू मेरीच्या फितीतून त्याच्यात आला, अशी सूचना दिली जाते. म्हणजे बाहेरच्या 'शहाण्या' माणसाने केलेल्या खुनांचा भार चित्रपट एका मेलेल्या रुग्णावर टाकतो. उत्तम कारागिरीच्या चित्रपटातही हा जुना समज शाबूत राहतो.

डॅनव्हर्सच्या आवारात एक दफनभूमी आहे. तेथल्या शिळांवर नावे नव्हती, नुसते क्रमांक होते. पुढे मनोरुग्णालयांत राहून आलेल्या काही माणसांनी एकत्र येऊन नोंदी शोधल्या आणि मृतांची नावे तेथे लावली. चित्रपटासाठी हे कथानक कमी थरारक ठरले असते का? विचार करून पाहा.

४. 'गोंजियाम : हॉन्टेड असायलम' (२०१८)

जोंग बॉम-शिक यांचा हा कोरियन चित्रपट वेगळ्या काळाचा आहे. येथे नायक थेट प्रक्षेपण करणारी एक वाहिनी आहे. चमूचा प्रमुख बाहेर तंबूत बसून दृश्ये जोडतो आणि बाकीचे सहा जण चेहऱ्यासमोर कॅमेरे बांधून आत जातात. दहा लाख प्रेक्षक जमले तर जाहिरातीचे मोठे उत्पन्न मिळणार आहे. त्यासाठी चमूतल्याच काहींनी काही 'चमत्कार' आधीच रचून ठेवलेले असतात. पुढे रचलेले कोणते आणि न रचलेले कोणते, हे त्यांनाही कळेनासे होते.

चित्रपटाची सर्वांत तीक्ष्ण बाजू हीच आहे. माणसे संकटात सापडल्याचे स्पष्ट झाल्यावरही प्रमुखाची नजर प्रेक्षकसंख्येच्या आकड्यावरून हलत नाही. चेहऱ्यासमोरचा कॅमेरा माणसाने पाहिलेले दाखवत नाही, पाहणाऱ्याचा घाबरलेला चेहराच दाखवतो. भीती हाच विक्रीचा माल आहे, हे या तंत्रातूनच सांगितले गेले आहे.

पण इमारतीच्या इतिहासाचे काय? चित्रपटात रुग्णांचे सामूहिक मृत्यू, संचालिकेचे गूढ आणि न उघडणारी खोली क्रमांक ४०२ आहे. ग्वांगजूजवळचे खरे गोंजियाम मनोरुग्णालय १९९० च्या दशकात बंद पडले. सामूहिक मृत्यूंच्या दंतकथेला आधार नाही. बंद होण्यामागे आर्थिक अडचणी आणि सांडपाण्याच्या व्यवस्थेचा प्रश्न सांगितला जातो. सीएनएनने जगातील भीतिदायक स्थळांच्या यादीत २०१२ मध्ये त्याचे नाव घेतले आणि रात्रीच्या घुसखोरांची रीघ लागली. चित्रपट येणार म्हटल्यावर जागेच्या मालकाने न्यायालयात धाव घेतली. न्यायालयाने प्रदर्शन थांबवले नाही. चित्रपट मार्च २०१८ मध्ये आला आणि त्याच वर्षी मे महिन्यात इमारत पाडली गेली. चित्रीकरणही तेथे झालेले नव्हते, ते बुसानमधील एका बंद शाळेच्या इमारतीत झाले.

म्हणजे शाळेची खोली रुग्णालयाची खोली म्हणून चालली आणि कोणाला फरक जाणवला नाही. हा प्रकार कोणत्याही विशिष्ट जागेबद्दल नसतो, याचा यापेक्षा स्पष्ट पुरावा नको. लोखंडी खाट, चाकाची खुर्ची, काचेच्या बरण्या, भिंतीवरचे ओरखडे आणि विजेच्या झटक्याचे यंत्र, एवढी यादी जमली की मनोरुग्णालय तयार होते. शेवटच्या यंत्राबद्दल एक खुलासा. विद्युत-उपचार १९३८ मध्ये रोममध्ये प्रथम वापरला गेला. तो आजही भूल देऊन, तीव्र नैराश्यासारख्या ठरावीक आजारांत वापरला जातो आणि त्याने अनेकांचे प्राण वाचतात. त्याचा दुरुपयोग झाला, हेही खरे. चित्रपटांनी त्याला छळयंत्राखेरीज दुसरे रूप दिले नाही, त्यामुळे डॉक्टरांनी सुचवल्यावर नातेवाइकांच्या डोळ्यांसमोर चित्रपटातली खुर्चीच येते.

५. उपकरणांची साक्ष

वाहिन्यांवरच्या भूत-शोधात एक छोटे यंत्र असते. त्याचे दिवे हिरव्यावरून लाल झाले की निवेदक कुजबुजायला लागतो. हे यंत्र बदलते चुंबकीय क्षेत्र मोजते, त्यापलीकडे काही नाही. वीज तोडलेल्या इमारतीत असे क्षेत्र कोठून येते? बहुतेक वेळा चमूच्या स्वतःच्या मोबाइलमधून, कॅमेऱ्यातून आणि बिनतारी ध्वनिक्षेपकातून. पार्श्वभूमीचे मोजमाप आधी घेतलेले नाही, उद्गम वेगळा केलेला नाही, पुनरावृत्ती नाही. पहिल्या वर्षाच्या प्रयोगवहीत असे निरीक्षण लिहिले तर ती वही परत येईल.

याच्या उलट व्हिक टँडी यांचे उदाहरण घ्या. ते ब्रिटनमधील कॉव्हेंट्रीचे अभियंता. प्रयोगशाळेत रात्री काम करताना त्यांना अस्वस्थ वाटले, अंगावर शहारे आले, डोळ्यांच्या कडेला करडी आकृती दिसली. दुसऱ्या दिवशी शिकंजात धरलेले तलवारीचे पाते आपोआप थरथरताना दिसले. त्यांनी मांत्रिक शोधला नाही, कंपनाचा उद्गम शोधला. नव्याने बसवलेल्या पंख्यामुळे खोलीत सुमारे १९ हर्ट्झची स्थिर तरंगरचना तयार होत होती. १९९८ मध्ये त्यांनी हे प्रसिद्ध केले.

गोष्ट येथे संपत नाही. लंडनमध्ये क्रिस्टोफर फ्रेंच आणि सहकाऱ्यांनी एक रिकामी खोली तयार केली आणि ७९ जणांना एकेक करून तेथे सोडले. कोणाच्या वेळी अवश्राव्य ध्वनी किंवा विद्युतचुंबकीय क्षेत्र चालू होते, कोणाच्या वेळी बंद. अनेकांना विचित्र अनुभव आले, पण त्यांचा यंत्र चालू असण्याशी संबंध आढळला नाही. २००९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या या अभ्यासाने सूचनेच्या प्रभावाकडे बोट दाखवले: येथे काहीतरी जाणवू शकते असे आधी सांगितले की काहींना ते जाणवते. टँडी यांचे स्पष्टीकरण आकर्षक असले तरी ते सगळीकडे लागू पडत नाही, हेही आपण मान्य केले पाहिजे. "शास्त्राने भूत सिद्ध केले" आणि "शास्त्राने भूत खोडून काढले" ही दोन्ही शीर्षके त्यामुळे सारखीच घाईची आहेत.

६. कागदाची साक्ष : मध्य प्रांत आणि गांजाचा रकाना

या चित्रपटांत एक ठरलेला क्षण असतो. कोणीतरी धुळीतून एक फाइल उचलतो, टॉर्चच्या प्रकाशात वाचतो आणि सत्य उघड होते. फाइल खरी बोलते, असे गृहीत धरलेले असते. जुनी फाइल खरोखर काय बोलते, ते आपल्याच प्रदेशाच्या निमित्ताने पाहू.

ब्रिटिश काळात मध्य प्रांतात वेड्यांची दोन सरकारी इस्पितळे होती, एक नागपूरला आणि दुसरे जबलपूरला. नागपूरचे, १८६४ मध्ये स्थापन झालेले, आजही प्रादेशिक मनोरुग्णालय म्हणून चालू आहे. जबलपूरचे आता नाही. आज मध्य प्रदेशातील सरकारी मनोरुग्णालये ग्वाल्हेर आणि इंदूरला आहेत. जबलपूरचे इस्पितळ आता कागदांतच भेटते. अशा इस्पितळांचे वार्षिक अहवाल छापले जात. किती दाखल झाले, किती बरे झाले, किती वारले, जेवणावर माणशी किती खर्च झाला, वेडाचे कारण कोणते, असे तक्ते त्यांत असत.

या 'कारण' नावाच्या रकान्याची एक कहाणी आहे. एकोणिसाव्या शतकात त्यात 'गांजा' हा शब्द इतक्या वेळा येऊ लागला की गांजा माणसाला वेडे करतो, हे सरकारी सत्य बनले. १८९३ मध्ये सरकारने नेमलेल्या भांग-गांजा आयोगाने इस्पितळांतली ही आकडेवारी मुळापासून तपासली. १८९२ या एका वर्षात विविध प्रांतांतील इस्पितळांत दाखल झालेल्या १,३४४ रुग्णांपैकी २२२ जणांपुढे गांजा-भांग हे कारण लिहिलेले होते. प्रत्येक प्रकरणाची चौकशी केल्यावर आयोगाला ते जेमतेम ९८ जणांच्या बाबतीत ग्राह्य वाटले, आणि त्यांतही काहींना दुसरी कारणे होतीच. मग उरलेल्यांपुढे ते आले कोठून? रुग्णाला बहुधा पोलीस घेऊन येत. सोबतच्या तक्त्यात कारण भरणे आवश्यक होते. अनोळखी, भटका माणूस, नातेवाईक नाहीत, चौकशीला वेळ नाही, मग तो गांजा ओढत असेल असे समजून रकाना भरला जाई. डॉक्टर ते उतरवून घेत. वर्षअखेर त्याचा तक्ता बने आणि तक्त्याचे धोरण.

येथे कोणी क्रूर खलनायक नाही. आहे तो भरायलाच हवा असा एक रकाना. चित्रपटातल्या फाइलीपेक्षा हे जास्त अस्वस्थ करणारे आहे, कारण असे रकाने आपणही रोज भरतो. त्या १,३४४ जणांचे म्हणणे त्या तक्त्यांत नाही. तक्ता वाचताना जे लिहिलेले नाही त्याचाही विचार करावा लागतो. टॉर्चवाल्या नायकाला त्याची गरज पडत नाही.

७. दोन भेटी : पेनहर्स्ट आणि विलर्ड

आता अशा जागांना दिलेल्या दोन खऱ्या भेटींची तुलना करू.

पेनसिल्व्हेनियातील पेनहर्स्ट ही बौद्धिक अपंगत्व असलेल्यांची सरकारी संस्था १९०८ मध्ये सुरू झाली. १९६८ मध्ये बिल बाल्डिनी या वार्ताहराने दूरचित्रवाणीवर पाच भागांत आतली अवस्था दाखवली: पलंगांना बांधलेली मुले, घाणीत पडून राहिलेली माणसे. तेथे राहणाऱ्या टेरी ली हाल्डरमन हिच्या नावाने १९७४ मध्ये खटला उभा राहिला आणि १९७७ मध्ये न्यायाधीश रेमंड ब्रॉडरिक यांनी तेथील रहिवाशांच्या हक्कांचे उल्लंघन झाल्याचा निर्णय दिला. पुढे वरच्या न्यायालयांत बराच संघर्ष झाला आणि १९८७ मध्ये संस्था बंद झाली. अपंगांच्या हक्कांच्या इतिहासात हे नाव फार मोठे आहे.

२०१० मध्ये त्याच आवारात तिकीट लावून झपाटलेल्या मनोरुग्णालयाचा खेळ सुरू झाला. रंग फासलेले नट रुग्ण आणि डॉक्टर होऊन प्रेक्षकांच्या अंगावर धावू लागले. अपंगांच्या संघटनांनी विरोध केला. त्यांचा आक्षेप नीट समजून घ्या. भुताच्या खेळाला त्यांची हरकत नव्हती. ज्यांच्यावर अन्याय झाला त्यांनाच त्याच जागी राक्षस करून उभे केले जात आहे, असे त्यांचे म्हणणे होते. दुसऱ्या बाजूचा एक युक्तिवादही आहे: या पैशातून पडझडणाऱ्या वास्तूची देखभाल होते, नाहीतर ती केव्हाच जमीनदोस्त झाली असती. हा युक्तिवाद पोकळ नाही. तरीही वास्तू वाचवण्यासाठी तिचा इतिहास उलटा सांगावा लागत असेल, तर वाचले काय, असा प्रश्न उरतो.

दुसरी भेट न्यूयॉर्क राज्यातील विलर्ड येथली. १८६९ मध्ये सुरू झालेले हे रुग्णालय १९९५ मध्ये बंद होताना एका माळ्यावर ४०० हून अधिक सुटकेसेस सापडल्या. रुग्ण दाखल होताना घेऊन आले होते त्या. कपडे, पत्रे, छायाचित्रे, घड्याळे तशीच होती. पुष्कळजण पुन्हा घरी गेलेच नव्हते. डार्बी पेनी आणि मनोविकारतज्ज्ञ पीटर स्टास्टनी यांनी या सामानावरून काही व्यक्तींची आयुष्ये जुळवली. २००४ मध्ये प्रदर्शन झाले आणि २००८ मध्ये पुस्तक आले. वैद्यकीय गोपनीयतेमुळे पूर्ण नावे देता आली नाहीत. तरीही प्रेक्षकाला तेथे शिक्षण, नोकरी, प्रेम, दुःख असलेली माणसे भेटली. एखादे तात्पुरते संकट, स्थलांतर, जोडीदाराचा मृत्यू, आणि मग दशकानुदशके इस्पितळ, असा प्रवास त्यांतून दिसला.

दोन्ही ठिकाणी माणसे ओसाड इमारतीतच शिरली. पेनहर्स्टच्या प्रेक्षकाला बाहेर पडताना स्वतःच्या किंकाळ्या आठवतात, विलर्डच्या प्रेक्षकाला कोणाची तरी सुटकेस.

८. आपल्याकडचे चित्र

आता दुसऱ्या विभागातला मुद्दा घ्या. अमेरिकेत मनोरुग्णालये रिकामी झाली म्हणून हा प्रकार जन्मला. भारतात ती फारशी रिकामी झालीच नाहीत. नागपूर (१८६४), रत्नागिरी (१८८६), ठाणे (१९०१) आणि येरवडा ही महाराष्ट्रातली जुनी मनोरुग्णालये आजही चालू आहेत. भोर समितीने १९४६ मध्ये मोजले तेव्हा जवळजवळ चाळीस कोटींच्या देशात मनोरुग्णांसाठी सुमारे दहा हजार खाटा होत्या. आपली अडचण ओसाड इमारतींची कधीच नव्हती, अपुऱ्या जागांची होती. त्यामुळे आपल्याकडच्या हौशी चित्रफिती कोणत्याही बंद दवाखान्याला किंवा पडक्या बंगल्याला 'पागलखाना' ठरवून टाकतात. नेपथ्य परदेशी असते आणि त्याचा डाग मात्र येथल्या चालू रुग्णालयांना लागतो.

खरे भय आपल्याकडे वेगळ्या ठिकाणी आहे. ६ ऑगस्ट २००१ रोजी तमिळनाडूतील एरवाडी येथे दर्ग्याजवळच्या एका खासगी निवाऱ्याला आग लागली. रुग्ण साखळ्यांनी बांधलेले होते, त्यांना पळता आले नाही. २८ जणांचा मृत्यू झाला. तेथे अनेकांना भूतबाधा उतरेल या आशेने आणले जात असे. भुताच्या कल्पनेचा आणि साखळीचा संबंध याहून वेगळा सांगायला नको. मानसिक आरोग्यसेवा कायदा २०१७ ने रुग्णाला कोणत्याही प्रकारे साखळीने बांधण्यावर बंदी घातली.

त्याच वर्षी, २०१७ मध्ये, सर्वोच्च न्यायालयासमोर दुसरा प्रश्न होता: बरे होऊनही मनोरुग्णालयांतच राहिलेल्या माणसांचे काय करायचे? घरचे न्यायला येत नाहीत, पत्ता चुकीचा निघतो, शेजारी काय म्हणतील याची भीती असते. 'गोंजियाम'च्या शेवटी पात्रांना इमारतीबाहेर पडायची वाट सापडत नाही आणि आपण खुर्चीत आवळून बसतो. बाहेर पडायची वाट न सापडलेली माणसे आपल्या राज्यांत खरोखर आहेत. त्यांना अडवणारे दार आतून लागलेले नाही, ते त्यांच्या घराचे आहे.

९. मूल्यमापनाचे निकष

भयपट पाहू नका, असे हे टिपण सांगत नाही. नारायण धारप आणि रत्नाकर मतकरी यांच्या कथांवर वाढलेल्या मराठी वाचकाला तसे सांगण्यात अर्थही नाही. भीती ही साहित्याची जुनी आणि मानाची भावना आहे. पुढचा चित्रपट किंवा चित्रफीत पाहताना मात्र चार प्रश्न सोबत ठेवा.

(अ) इमारत बंद का पडली, याचे खरे कारण कृतीत कोठे आहे का?
(आ) रुग्णाला आयुष्य दिले आहे, की नुसता ओरखडा आणि किंकाळी?
(इ) हिंसेचा भार कोणावर टाकला आहे: ज्याने केली त्याच्यावर, की ज्याला उत्तर देता येत नाही त्याच्यावर?
(ई) ही कृती पाहून झाल्यावर, झोप उडालेल्या मित्राला तुम्ही डॉक्टरकडे नेणे सोपे झाले की अवघड?

'सेशन नाइन' पहिल्या कसोटीला काही अंशी उतरतो आणि तिसऱ्या कसोटीला पडतो. 'गोंजियाम' पाहणाऱ्याच्या हावरेपणावर अचूक बोट ठेवतो, रुग्णांविषयी मात्र त्याच्याकडे सांगण्यासारखे काही नाही. चौथ्या प्रश्नाला दोघांकडेही उत्तर नाही. शेवटचा प्रश्न कलेच्या बाहेरचा आहे असे कोणी म्हणेल. वसतिगृहात राहणाऱ्या तुम्हांला तो बाहेरचा वाटू नये.

स्वाध्याय

१. तुमच्या परिसरातील एखाद्या बंद सार्वजनिक इमारतीबद्दल ऐकिवात असलेली दंतकथा लिहा. इमारत बंद पडण्याचे कारण ग्रंथालय, नगरपालिका किंवा जुनी वृत्तपत्रे यांतून शोधा आणि दोन्हींची तुलना करा. इमारतीत परवानगीशिवाय जाऊ नका. तो गुन्हा आहे आणि जीवाला धोकाही.
२. क्षेत्रमापक वापरून केलेली एखादी भूत-शोध चित्रफीत पाहा. प्रयोगरचनेतील किमान तीन दोष दाखवा आणि सुधारित प्रयोगाचा आराखडा मांडा.
३. गांजा आयोगाने 'कारण' या रकान्याबाबत काढलेला निष्कर्ष लक्षात घेऊन तुमच्या महाविद्यालयातील एखाद्या अर्जाचा नमुना तपासा. 'इतर' किंवा 'माहीत नाही' यांना त्यात जागा आहे का?
४. पेनहर्स्टच्या व्यवस्थापनाची आणि विरोधकांची बाजू प्रत्येकी १५० शब्दांत मांडा. त्यानंतर स्वतःचे मत लिहा.
५. 'देवराई' (२००४) हा स्किझोफ्रेनियावरचा मराठी चित्रपट पाहून वरील चार निकषांवर त्याचे मूल्यमापन करा.